मिशी

रामटेकला अंबाळा तलावावर वडिलांचं दहावं होतं. धाकट्या भावाचं मुंडण आटोपून न्हावी शेषरावकडे वळला, तसा शेषराव घड्याळ पाहत येरझाऱ्या घालू लागला. सोमवारी मुंबईत शूटिंग होतं. आजवर पडद्यावर नुसता मार खाल्लेल्या शेषरावला यंदा इन्स्पेक्टर होऊन हिरोसमोर बोलायचं होतं. अर्धा सीन मिशीसकट झाला होता. डोकं टोपीनं झाकलं असतं. नकली मिशी क्लोजअपला चालली नसती. "बापासाठी एवढंही होत नाही तुह्यानं?" भाऊ म्हणाला. वडिलांचे दोस्त रुपराव मध्ये पडले. "राहू दे गा. याची मिशी पाहालेच तुमचा बाप नागपूरले टॉकीजमध्ये जाये. याचा सीन झाला का उठून घरी." शेषराव थबकला. त्याच्या कामाबद्दल वडिलांनी कधी चकार शब्द काढला नव्हता. घड्याळ खिशात टाकून तो न्हाव्यासमोर बसला आणि म्हणाला, "पहिले मिशी काढ गा."