वाट पाहण्याचे थेंब

सकाळपासून म्हातारीच्या बाकाखालच्या नळीतून अकराच थेंब पडले होते. ते थेंब मोजणाऱ्या मोजणीदाराच्या लेकीला दिवसाला वीस लागत.

काळ आपोआप वाहत नाही, तो वाट पाहणाऱ्याच्या अंगातून झिरपतो, हा सिद्धांत थोरल्या बाईंनी मांडला तेव्हा विद्यालयातले सगळे शास्त्रज्ञ पोट धरून हसले होते. त्यांनी आपल्या नवऱ्याला दगडी बाकावर बसवलं, "इथेच थांबा, मी येते," म्हणाल्या, आणि तीन वर्षांनी आल्या. बाकाखाली घागरभर काळ साठला होता. त्यानंतर कोणी हसलं नाही. नवऱ्याचं काय झालं, तेही कोणी विचारलं नाही.

काळ दिसायला पातळ मधासारखा. मोजणीदाराच्या लेकीसारखा ज्याचा स्वतःचा काळ आटला, त्याच्या जिभेवर रोज ठेवला तर तो माणूस तगतो. पथ्य एकच, वाट पाहणाऱ्याशी खोटं बोलायचं नाही. खोट्या आशेने काळ नासतो, आणि नासलेला काळ पोटात गेला की माणूस हातचा जातो. त्यामुळे सात वर्षांत मोजणीदार म्हातारीशी एक शब्द खोटा बोलला नव्हता. तिचा मुलगा जहाजावर गेला होता. बंदराची खबर आधी विद्यालयाच्या या इमारतीत येते असं तिला सांगितलं होतं, आणि ते खरंच होतं.

"आज थंडावलात, मावशी," मोजणीदार म्हणाला.

"आता सवय झाली रे बाबा. येईल तेव्हा येईल." ती हसली. "तुझी पोर कशी आहे?"

"तुमच्या जिवावर आहे."

"चल, काहीतरीच!"

तेवढ्यात दार वाजलं. बाहेर खांद्यावर गाठोडं टाकलेला, उन्हाने रापलेला एक माणूस उभा होता.

"दादा, माझी आई इथं असते असं बंदरावर कळलं." त्याने आईचं नाव सांगितलं. नाव म्हातारीचं होतं.

भेट झाली की नळी कोरडी पडते, हे मोजणीदाराने दोनदा पाहिलं होतं. त्याने त्या माणसाला ओसरीवर थांबवलं आणि थेट थोरल्या बाईंची खोली गाठली.

बाई भिंग पुसत होत्या. "मग भेटव की," त्या म्हणाल्या. "मात्र आधी घरी जाऊन लेकीला विचारून ये."

"बाई, मला खोटं बोलता येणार नाही. नियम तुमचाच आहे."

"खोटं बोलायला बंदी आहे. उशीर करायला कुठे आहे?" बाईंनी भिंग उजेडाकडे धरलं. "आणि पलीकडच्या खोलीतला बाक रिकामाच आहे ना?"

मोजणीदाराने जिन्यातल्या फडताळातून एक रिकामी वाटी घेतली. मग खाली गेला.

"आई आहे माझी?" त्या माणसाने विचारलं.

"आहे. तुमचीच वाट बघतेय."

"बरी आहे?"

"बरी आहे." मोजणीदाराने त्याला पलीकडच्या खोलीत नेलं. "या, इथे बसा."

तो आज्ञाधारकपणे बाकावर बसला. गाठोडं मांडीवर घेतलं, केसांवरून हात फिरवला. मोजणीदार खाली वाटी ठेवून वळला नाही तोच टप् असा आवाज आला.

मग तो म्हातारीकडे गेला. "मावशी, तुमच्या मुलाचं जहाज लागलं. तो गावात आलाय."

म्हातारी उठू लागली, पण गुडघ्यांनी साथ दिली नाही. ती परत बसली, पदर नीट केला आणि दाराकडे डोळे लावले. नळीतून थेंब नव्हे, धार लागली. मोजणीदाराला दुसरी वाटी आणावी लागली.

तिन्हीसांजेला पलीकडून कोणीतरी मोठा उसासा टाकला. म्हातारीने कान टवकारले. "तिकडे कोण आहे रे?"

मोजणीदार भरलेली वाटी उचलायला वाकला. "आहे एक जण. तोही वाट बघतोय."

"अगं बाई, बिचारा!" म्हातारी कळवळली. "त्याला म्हणावं, धीर सोडू नकोस. माझा आला, तसं तुझंही माणूस येईल."

मोजणीदाराने पलीकडे जाऊन निरोप दिला. त्या माणसाचे डोळे भरून आले.

"कोण माउली आहे ती? तिला सांगा दादा, माझी आई एकदा भेटू दे, मग तिचं माणूस शोधायला मी स्वतः निघतो."

मोजणीदाराने तोही निरोप नेऊन दिला. त्यातलं एक अक्षरही बदललं नाही.