बेवारस माल

स्टोअरकीपरनी पुन्हा एकदा एंटर दाबला. पडद्यावर अक्षरं उमटली, स्पीकर मात्र ढिम्म. "आता याला काय धाड भरलीय?" ते बायकोवरच खेकसले, जसं काही तिनेच ते बिघडवलंय.

बायको काही म्हणाली नाही. तिला म्हणताच येत नव्हतं. मागच्या वर्षी गळ्याचं ऑपरेशन झालं, त्यात आवाज गेला. तेव्हापासून ती टाइप करायची आणि कॉम्प्युटर बोलायचा. भाजीवाल्याशी घासाघीस, बहिणीला फोन, दुसऱ्या खोलीत बसलेल्या नवऱ्याला जेवायला हाक, सगळं त्या आवाजात. स्टोअरकीपरना तो आवाज सहन व्हायचा नाही. नुसतं "हं" म्हणायचे, तेही मेहेरबानी केल्यासारखं. भाचीने एकदा टोकलं, तर म्हणाले, "मशीनशी काय बोलायचं?" आणि आज सकाळी त्यांनी तो आवाजच घालवून ठेवला होता.

त्याचं असं झालं. कॉम्प्युटर रखडतो म्हणून हे साफसफाईला बसले. उभा जन्म गोदामात गेलेला, सवय कुठे जाणार? एका फोल्डरमध्ये डीएलएल म्हणवणाऱ्या फायलींचा ढीग सापडला. धड उघडत नाहीत, धड वाचता येत नाहीत. यांनी लगेच माल लावायला घेतला. हा छपाईचा, हा फोटोंचा, हा हिशेबाचा. ज्याचा धनी सापडेना तो बेवारस. आणि बेवारस माल गोदामात ठेवायचा नाही, हा यांचा खाक्या. दिला कचऱ्यात टाकून. सांगितलेत कुणी हे नसते उद्योग?

भाचीचं कॉम्प्युटर दुरुस्तीचंच दुकान. तिला फोन लावला. ती म्हणाली, "मामा, त्या बेवारस नसतात. एकच फाईल चारपाच प्रोग्रॅम मिळून वापरतात, म्हणून तिच्यावर एकाचं नाव नसतं. रिसायकल बिन उघडा, सगळ्या निवडा, रिस्टोअर दाबा. झालं."

"सगळा माल एकदम आत घेऊ? न तपासता?"

भाचीने हात टेकले आणि फोन ठेवला.

मग दुपारभर तपासणी. एक फाईल परत ठेवायची, कॉम्प्युटर बंद करून चालू करायचा, "नमुना तपासणी" असं टाइप करायचं आणि कान लावून बसायचं. काही नाही. पुढची. बायको शेजारी स्टूल ओढून बसली होती. आवाज परत आलाच नाही तर, या धास्तीने तिचा चेहरा एवढासा झाला होता. तो बघवेना, म्हणून यांच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला.

"अगं, मी काय मुद्दाम केलं? नाव लिहायला काय होतं मेल्यांना? आमच्याकडे तो पेंटर होता बघ, त्यालासुद्धा नाव लिहायचा कंटाळा." मग त्या पेंटरने उलटा रंगवलेला दरवाजा निघाला. दरवाजावरून लग्नानंतरची भाड्याची खोली निघाली, तिथला रात्रंदिवस गळणारा नळ निघाला. "तुला आठवतंय ना?" तिने मान हलवली. "ऑपरेशनच्या दिवशी बाहेर बाकावर जाम घाबरलो होतो मी. पण सांगू कुणाला? सांगायचं ते तुलाच, आणि तू आत." मग एकदम वैतागून, "ही पण नाही. गेली उडत. पुढची."

चहा दोनदा थंड झाला. दिवे लावायची वेळ झाली. आणखी एक फाईल जागेवर गेली आणि स्पीकर खरखरला. "नमुना तपासणी," तो सपाट आवाज म्हणाला.

स्टोअरकीपरनी खुर्चीत अंग टाकलं. "सुटलो," ते म्हणाले आणि चष्मा पुसायच्या निमित्ताने डोळे पुसून घेतले. "बोल बाई आता. घाल शिव्या, मनात साठल्या असतील तेवढ्या."

बायकोने कीबोर्ड पुढे ओढला. एरवी झरझर टाइप करणारी ती, आज एकेक अक्षर शोधत होती. शेवटी तिने एंटर दाबला.

"अहो, ती फाईल पुन्हा टाका कचऱ्यात," कॉम्प्युटर म्हणाला. "वर्षभराने आज माझ्याशी बोललात."