जळक्या बुचाचा रंग

"मी नाही हिचा हात धरणार," विनिफ्रेड बाकावरून उठली. "माझाही काळा होईल."

"अगं, जळकं बूच उगाळून लावलंय ते!" दिग्दर्शक हॅस्केट ओरडले. "खरी काळी पोर मी तुमच्या शेजारी बसवेन का?"

"पण दिसते तर तशीच," मागच्या बाकावरचा एक पोरगा म्हणाला. "काय गं कोळसाबाई?"

वर्ग खिदळला. मूकपटातल्या त्या वर्गाला छप्पर नव्हतं आणि भिंती तीनच होत्या. चौथ्या बाजूला कॅमेरा. काळ्या मुलीचं काम करणाऱ्या एलोइजच्या बाकावर सकाळपासून कोणी बसलं नव्हतं. जेवायच्या सुट्टीतही नाही.

हॅस्केटनी वर पाहिलं. जॅक्सनव्हिलचं ऊन कलायला लागलं होतं, आणि उन्हाशिवाय कॅमेरा आंधळा. "जाऊ दे. शेवट बदलू. काळ्या मुलीला शाळेतून हाकलून देतात. संपलं."

"नाही," एलोइज म्हणाली.

नऊ वर्षांची पोर. हॅस्केट बघतच राहिले.

"तिला वर्गात घेतात, असं ठरलं होतं. गावोगावी दाखवणार ना हे? मग तसंच दिसलं पाहिजे." ती विनिफ्रेडपुढे गेली आणि बाही वर सारली. "थुंकी लाव आणि घास."

विनिफ्रेडने बिचकत बोट ओलं केलं, घासलं. रंगाखालून मनगट निघालं.

"अय्या! तू तर माझ्यापेक्षा गोरी आहेस!"

मनगटावर पुन्हा बूच चढलं. कॅमेऱ्याचा दांडा फिरू लागला. विनिफ्रेडने हात धरला, आणि चांगला घट्ट धरला.

"शाब्बास!" हॅस्केट खूश झाले. "तुझ्या आईला एकदा भेटायला हवं. रोज आपलं मोलकरणीबरोबर पाठवते."

"आई कामावर असते," एलोइज म्हणाली.

मोलकरीण डेल्फी दिवसभर फाटकाबाहेर उभी होती. काळ्या माणसांना आत यायची परवानगी नव्हती. तिने चरबी लावून एलोइजचा चेहरा पुसला, कानामागेसुद्धा, आणि टोपी पुढे केली.

"घाला, बाईसाहेब. उन्हाने रापायला होतं."

एलोइज पुढे, डेल्फी तीन पावलं मागे, अशा दोघी निघाल्या.

"धरला का तिनं हात?" डेल्फीने हळूच विचारलं.

"धरला."

ओकच्या झाडांपाशी रस्ता वळला. फाटक दिसेनासं झालं. एलोइजने थांबून मागे पाहिलं, पुढे पाहिलं. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं.

"आता तू धर ना, आई."