मुद्दाम केलेली चूक

सुतकाच्या सातव्या दिवशी सकाळी झेलिगच्या बायकोने, फ्रूमाने, अन्शेलला स्वयंपाकघराच्या दारातच अडवलं. बाहेरच्या खोलीतली प्रार्थना नुकतीच आटोपली होती आणि जमलेले दहा-बाराजण टोप्या सावरत जिना उतरत होते.

"रेब अन्शेल, आज काहीही करा, पण त्याला भांडायला लावा."

"मी कसं बोलू? तो बोलल्याशिवाय मला तोंड उघडता येत नाही."

"मग मी विचारते. त्या पोराची मी आई आहे ना? मी विचारलं की तुम्हाला बोलता येईल."

आम्हा ज्यूंमध्ये सुतकाच्या घरी आलेल्याने आपणहून बोलायचं नसतं. ज्याचं माणूस गेलं तो बोलला तर बोलायचं, नाहीतर नुसतं बसून परत यायचं. झेलिग सहा दिवस प्रार्थनेतल्या शब्दांपलीकडे एक अक्षर बोलला नव्हता. नफ्ताली, त्याचा सत्तावीस वर्षांचा एकुलता एक मुलगा, तीन दिवसांच्या तापात गेला होता. अन्शेल, ज्याला सगळे आदराने 'रेब' म्हणायचे, रोज यायचा, तासभर समोर बसायचा आणि तसाच उठून जायचा. अन्शेलसारख्या बडबड्याला ही शिक्षाच होती.

जेरुसलेमच्या त्या पाठशाळेत ही जोडी बत्तीस वर्षं एकाच बाकावर, एकाच ग्रंथावर वाकून भांडत आली होती. एकाने अर्थ सांगायचा, दुसऱ्याने तो खोडायचा. आमच्याकडे अभ्यास म्हणतात तो यालाच. हे दोघे इतका जोरात अभ्यास करायचे की शेजारचे बाक बदलून बसायचे. "तुझ्या डोक्यात मेंदू आहे की कोबी?" हे झेलिगचं रोजचं वाक्य. आणि दुपारी घरी निघताना अन्शेलचा कोट हातात धरून तोच दारात उभा असायचा.

फ्रूमा आत जाऊन नवऱ्याशेजारच्या, सुतकात बसायच्या बुटक्या स्टुलावर बसली. झेलिग भिंतीला टेकून खाली बघत होता. सदऱ्याची, सुतकाच्या रीतीप्रमाणे फाडलेली कॉलर छातीवर लोंबत होती. अन्शेल समोर खुर्ची ओढून बसला.

"रेब अन्शेल," फ्रूमाने मोठ्याने विचारलं, "आज आम्ही कधी उठायचं?"

शेंबडं पोरही याचं उत्तर देईल. सातव्या दिवशी सकाळची प्रार्थना झाली, घटकाभर बसलं, की कुणीतरी 'उठा' म्हणतं आणि सुतक संपतं. दिवसाचा थोडा भाग पाळला तरी तो अख्खा धरतात. आणि सुतकात बाकीचा अभ्यास बंद असला तरी सुतकाच्या नियमांवर वाद घालायला मुभा असते. झेलिगला गप्प बसायला कसलीच सबब उरली नव्हती.

अन्शेलने घसा खाकरला.

"कधी म्हणजे? सूर्य बुडाल्यावर. सात दिवस म्हणजे पुरे सात दिवस!"

इतकं अडाणी वाक्य तो जन्मात बोलला नव्हता. त्याला लाज वाटली आणि आशाही वाटली. झेलिगला काही पटलं नाही की आधी त्याचा उजवा अंगठा वर यायचा, मग आवाज. अन्शेल त्या अंगठ्यावर डोळे लावून बसला.

अंगठा गुडघ्यावर पडून होता.

"आणि आभाळ भरलेलं असेल, तर उद्यापर्यंत," अन्शेलने आणखी ठोकून दिलं.

फ्रूमाने डोक्याच्या रुमालाचं टोक ओठांवर दाबून धरलं. एवढ्या दुःखातही तिला हसू येत होतं. झेलिगने हळूहळू मान वर केली.

"बरोबर आहे," तो म्हणाला. "बसतो."

हा एक शब्द मिळवायला अन्शेलने बत्तीस वर्षं जिवाचं रान केलं होतं. एकदा तर एका ओळीवर दोघे आठ महिने भांडले आणि शेवटी झेलिग एवढंच म्हणाला होता, "पुढचं पान काढ." आज तो शब्द आयता हातात पडला आणि अन्शेल खुर्चीतून ताडकन उठला.

"अरे, काय बरोबर?" तो ओरडला. "मी चुकीचं सांगितलं! मुद्दाम सांगितलं! सकाळी घटकाभर बसलं की पुरतं, तूच नाही का दरवेळी लोकांना ओरडून सांगत? मला गाढव म्हण, झेलिग. कोबी म्हण!"

झेलिगने त्याच्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता, थट्टाही नव्हती. पत्ता विचारायला आलेल्या परक्या माणसाशी बोलावं तसा तो सौम्यपणे बोलला.

"तेही बरोबर आहे."

अन्शेलच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचंही त्याला सुचत नव्हतं.

"उठा," तो शेवटी म्हणाला. कुणीतरी म्हणावंच लागतं.

फ्रूमा उठली. सुतक संपल्यावर खाली उतरून गल्लीला एक फेरी मारायची पद्धत आहे. तिने कपाटाखालून चामड्याचे बूट ओढले. सात दिवस ते घालायला बंदी होती. एक पायात चढवला आणि तिने वळून पाहिलं. झेलिग जागचा हललाही नव्हता.

"रेब अन्शेल, पोरासाठी बसायचे ते सात दिवस झाले," ती म्हणाली. तिने बूट काढला, स्टूल नवऱ्याच्या आणखी जवळ ओढलं आणि पुन्हा खाली बसली. "आता याच्यासाठी किती दिवस बसायचं, तेवढं सांगा."