नमुन्याबरहुकूम

सरकारी दवाखान्याने नमुना परत दिला. अनामत ठेवून घेतली.

मुलगा घरी आला तेव्हा त्याच्या काखेत एक पुडकं होतं, लाखेचं सील फुटलेलं. आत रुग्णाने घालायचा एक झगा. असेच झगे बाहेरच्या खोलीत छतापर्यंत रचलेले होते. टेम्पो सकाळीच सगळा माल परत टाकून गेला होता. त्यातून वाट काढत तो आत आला आणि बायकोने न मागता पुढे केलेलं पाणी उभ्यानेच प्याला.

"काय म्हणाले?" खिडकीजवळच्या शिलाई मशीनवरून मास्तरांनी विचारलं. सगळी गल्ली म्हाताऱ्याला मास्तर म्हणायची. नजर अधू झाली होती, पण मशीन सुटलं नव्हतं.

"करार रद्द केला, बाबा. अनामत जप्त."

"जप्त कशी? अनामत म्हणजे सांभाळायला दिलेली वस्तू. ती परत करायची असते."

"त्यांच्याकडे जप्त होते."

ती अनामत भरायला मास्तरांनी चौकातलं दुकान सोडलं होतं. काम पुरं झालं, पैसे सुटले की दुकान परत घ्यायचं, असं बापलेकांचं ठरलं होतं. दुकानाची पाटी चादरीत गुंडाळून पलंगाखाली ठेवली होती. झाडताना सून ती सरकवायची आणि पुन्हा जागेवर ठेवायची.

"एवढं काय बिघडलं होतं मालात?"

मुलाने बायकोकडे पाहिलं. ती टेबलावरच्या चिंध्या गोळा करू लागली.

"उशीर झाला आपल्याला," तो म्हणाला.

उशीर वगैरे काही झाला नव्हता. दवाखान्याच्या भांडारातल्या कारकुनाने दोन झगे शेजारी ठेवून त्याला दाखवले होते. निविदेत शिवणीला एकेरी टीप मागितली होती, भावही एकेरीचाच होता. पण नमुन्याला दुहेरी टीप होती, आणि एकदा नमुना मंजूर झाला की माल त्याच्याबरहुकूम लागतो. कारकून वाईट माणूस नव्हता. "कोणी सांगितलं होतं हो एवढं चांगलं शिवायला?" असं तो अगदी कळवळून म्हणाला. सगळा माल पुन्हा दुहेरी शिवायचा तर नुसत्या दोऱ्यातच घर बुडालं असतं.

नमुना मास्तरांनी शिवला होता. एकेरीच घाला, असं मुलाने दोनदा बजावलं होतं. पण कपडा सरकारात जाणार म्हटल्यावर म्हाताऱ्याने त्यात जीव ओतला. मुलाला बापाचा राग येत होता, आणि राग आल्याची लाजही वाटत होती.

"उशीर," मास्तर म्हणाले. "तरी मी रोज कानीकपाळी ओरडत होतो. घालवलंस माझं दुकान."

"हो, बाबा. माझंच चुकलं."

सुनेला ते ऐकवेना. "जाऊ द्या आता," ती म्हणाली. "घरात कोणी आजारी पडलं तर कपड्यांची ददात नाही." हसलं कोणीच नाही.

"नमुना बघू इकडे."

"राहू द्या ना, बाबा. कशाला?"

"दे म्हणतो ना."

द्यावा लागला. मास्तरांनी झगा मांडीवर घेऊन बगलेच्या शिवणीवरून अंगठा फिरवला. आपला हात ओळखून चेहरा जरा उजळला. मग ते उठले, बाहेरच्या ढिगातला एक झगा ओढून आणला आणि त्याच्याही बगलेवरून अंगठा फिरवला. एकदा. मग पुन्हा. बराच वेळ ते दोन्ही झगे हातात धरून उभे होते.

मास्तर मशीनवर जाऊन बसले. खणातून ब्लेड काढलं, नमुना डोळ्यांजवळ धरला आणि दुसरी टीप उसवायला घेतली. एकेक टाका, कापडाला धक्का न लावता. सून दिवा लावायला उठली, तर त्यांनी मान हलवून नको म्हटलं.

शेवटचा दोरा ओढून काढल्यावर त्यांनी झगा मुलापुढे धरला.

"बघ," ते म्हणाले. "आता जुळतोय का?"