गोल कुणाच्या नावावर

रेफरीच्या डोक्यात प्लास्टिकची खुर्ची बसली, तेव्हा यजमान संघाचा दागोगो अजून गोलसमोर पाय धरून लोळतच होता. त्याला कुणी पाडलं नव्हतं. बचावपटू चांगला हातभर लांब असताना तो आपणहून पडला होता, आणि रेफरीने ते बरोबर ओळखून पेनल्टी दिली नव्हती.

तेवढं निमित्त पुरलं. नव्वदावं मिनिट, शून्य-शून्य, मोसमाचा शेवटचा सामना. आणि या मैदानावरून नऊ वर्षांत एकही पाहुणा संघ न हरता परत गेलेला नव्हता. आधी पाण्याने भरलेल्या पिशव्या आल्या, मग खुर्च्या, मग कुंपण आडवं करून माणसंच आली. उदोफिया मास्तर आठवडाभर शाळेत गणित शिकवायचे आणि रविवारी शिट्टी वाजवायचे. ते खाली गेले आणि दिसेनासे झाले. दागोगोला फक्त लाथांचे आवाज ऐकू येत होते. चौघा पोलिसांपैकी एकजण लांबूनच ओरडत होता, "पुरे रे, पुरे! मेला तर कागद मलाच भरावे लागतील!"

दागोगो पडला होता तो विसाव्या गोलसाठी. मोसमात एकोणीस झाले होते. वर सावलीत बेल्जियमच्या एका क्लबचा माणूस बसला होता. "वीस कर, मग बोलू," एवढंच तो म्हणाला होता. कागदावर दागोगो तेवीस वर्षांचा होता, आईच्या हिशेबाने अठ्ठावीस. गुडघे आईच्या बाजूने होते. पुढचा मोसम त्यांनी पाहिला नसता.

गर्दी बाजूला झाली. मास्तर उभे राहिले. भुवई फाटून लोंबत होती, डाव्या हाताची दोन बोटं भलतीकडेच वळली होती. उजव्या हाताने त्यांनी पेनल्टीच्या पांढऱ्या ठिपक्याकडे बोट दाखवलं, आणि ढोल सुरू झाले. ज्याने खुर्ची घातली होती त्यानेच गवतातून त्यांची शिट्टी शोधली, विजारीला पुसली आणि अदबीने पुढे केली.

"घ्या, ओगा साहेब. हे आधीच केलं असतं तर?"

दागोगोला स्वतःची किळस आली. आपल्या एका लोळण्यापायी हा माणूस जिवानिशी गेला असता. पेनल्टी बाहेर मारायची, असं त्याने ठरवून टाकलं. चेंडू ठेवण्याच्या निमित्ताने तो मास्तरांजवळ गेला आणि हळूच म्हणाला, "मास्तर, मला कुणी पाडलं नव्हतं. मी बाहेर मारतो."

"मला सांगतोस?" मास्तरांनी तोंडातलं रक्त थुंकलं. "बाहेर मारलीस तर आता मी पुन्हा उठत नाही. म्हणतील, रेफरीने पोराच्या कानात काहीतरी घातलं. घरी तीन लेकी आहेत माझ्या. पाप करून झालंय ना? मग आता ते नीट तडीस ने."

पाहुण्यांचा गोलकीपर एफोसा जाळीपुढे उभा होता. त्याचीही पाचावर धारण बसली होती. "दादा," तो दबक्या आवाजात म्हणाला, "बाजू सांगून टाक. मी दुसरीकडे उडी घेतो. आमची बस यांच्याच दारात उभी आहे."

"तुझ्या उजवीकडे."

इतकी सोपी पेनल्टी जगात कुणाला मिळाली नसेल. पण आयुष्यात पहिल्यांदा दागोगोचा नेम चुकला. चेंडू खांबावर आदळला आणि परत आला.

ढोल थांबले. परत आलेल्या त्या चेंडूला मारणाऱ्याने पुन्हा पाय लावायचा नाही, असा नियम आहे. दागोगो जागच्या जागी थिजला. कुंपणापाशी कुणीतरी वाकून खुर्ची उचलली. तेवढ्यात भलत्या बाजूला पडलेला एफोसा चेंडू अडवायला निघाल्यासारखा रांगत आला, अडखळला, आणि त्याने टाचेने चेंडू आपल्याच जाळीत ढकलला.

शिट्टी झाली. सामना संपला. लोकांनी दागोगोला खांद्यावर घेतलं. "वीस! वीस!" सगळं मैदान नाचत होतं. सावलीतला माणूस उठून उभा राहिला होता आणि फोनवर कुणाशी तरी हसून बोलत होता.

दागोगो कसाबसा खाली उतरला. रेषेपलीकडे मास्तर एका उलट्या खोक्यावर बसून गुडघ्यावर सामन्याच्या नोंदीचं कार्ड ठेवून लिहीत होते.

"टाच एफोसाची होती," ते मान वर न करता म्हणाले. "स्वयंगोल. तुझे एकोणीसच."

दागोगो त्यांच्यापुढे वाकला. "मास्तर, माझं सगळं आयुष्य आहे हो त्यात. आज एवढं खोटं झालं, त्यात आणखी एक. कोण बघतंय?"

"पेनल्टी त्यांनी मारून मारून वदवली माझ्याकडून." कार्डावर रक्ताचा थेंब पडला. मास्तरांनी तो बाहीने पुसला. "हे मी लिहितोय."

मागून खुर्चीवाला ओरडला, "ए, काय खरडतोय रे तो म्हातारा? दाखव बघू इकडे!" पाच-सहा जण त्याच्यामागून निघाले.

दागोगोने वळून पाहिलं. मास्तर काय लिहितायत हे त्याने नुसतं खरं सांगितलं असतं, तरी या लोकांनी पुढच्या क्षणाला त्यांना मारून त्याचं नाव लिहून घेतलं असतं, मोडक्या बोटांनी का होईना. सावलीतला माणूस फोन खिशात टाकून खाली यायला निघाला होता.

"माझंच नाव लिहितायत!" दागोगो ओरडला. मग तो गर्दी आणि मास्तर यांच्यामध्ये पाय रोवून उभा राहिला, त्यांचं लिहून होईपर्यंत.