घसा बसलेला गाइड

तेच राजे, तेच विनोद वर्षानुवर्षं सांगून गाइडचा घसा अखेर बसला. बायकोच्या ते उशिरा लक्षात आलं. घरी तो तसाही बोलत नसे. सहलींचा मालक सुट्टी देईना, म्हणून माहिती सांगायला तीच सोबत आली.

पडक्या देवळाच्या काळोख्या गाभाऱ्यात तिने तोंड उघडण्याआधीच त्याचा आवाज सुरू झाला. तेच विनोद. मंडळी हसली. मागे दाराशी उभ्या गाइडचे ओठ मात्र मिटलेले होते.

"अहो, आला की आवाज!" बायको समोरच्या काळोखाला म्हणाली.

"चला, आता खाली उतरू," आवाज म्हणाला.

तिथे जिना कधीच नव्हता. मंडळी एकामागून एक उतरू लागली.

गाइड जिवाच्या आकांताने ओरडला. घशातून नुसती हवा आली.

"अहो, काही दिसत नाही. हात द्या ना," बायको खाली वाकून म्हणाली.

तिला हात मिळाला.